सुसिकोस्कीची झडप

सुसिकोस्कीचा धबधबा वाहत होता तोवर होन्काला आणि लेप्पाला या दोन गावांचं वैर नुसतं तोंडाचं होतं. या काठावर होन्काला, समोरच्या काठावर लेप्पाला, आणि मध्ये इतकं आरडाओरडा करणारं पाणी की एकाची शिवी दुसऱ्याला ऐकूसुद्धा जायची नाही. बिचारे लांबून मुठी दाखवायचे, फार झालं तर चड्डी खाली करून पार्श्वभाग दाखवायचे आणि घरी जाऊन राय धान्याची भाकरी खायचे. मग लाकूडगिरणीच्या मालकाला विजेची हौस आली. त्यानं तळ्याच्या तोंडाशी बंधारा घातला, पाणी कालव्यातून वळवून खालच्या वीजघरात नेलं, गिरणीत दिवे लागले, आणि धबधब्याचं जुनं पात्र ठणठणीत कोरडं पडलं. ज्यांचे हात आजोबा-पणजोबांपासून एकमेकांपर्यंत पोचत नव्हते, त्यांना मालकानं आयतं मैदान करून दिलं. विजेचा पहिला फायदा आमच्याकडे हा झाला.

मारामारी शनिवारी व्हायची, कारण शनिवारी दुपारी काम संपायचं आणि सौना, म्हणजे वाफेच्या अंघोळीची खोली, तापायला संध्याकाळ व्हायची. आमचा सौना धुराचा. त्याला धुराडं नाही. दुपारभर आत लाकडं जळतात, दगड तापतात, धूर खोलीत कोंडतो. बायका आगीपाशी असतात. पुरुषांनी तोवर काय करायचं? ते पात्रात उतरायचे आणि एकमेकांची डोकी फोडायचे. पण एक नियम दोन्ही गावं पाळत होती, आणि तो कुणी लिहून दिलेला नव्हता. सौना तयार झाल्याची हाक आली की हात थांबायचे. ज्याच्या नाकातून रक्त येतंय त्यालाही त्याच्या घरचा सौना वाट बघत असतो, आणि तापलेल्या सौन्याला ताटकळत ठेवण्याएवढा उद्धटपणा आमच्यातल्या मवाल्यालासुद्धा जमत नाही. मग एकमेकांवर थुंकून माणसं आपापल्या काठावर चढायची.

ती हाकही साधीच. आग विझली, निखारे बाहेर काढले, की घरची बाई आत जाऊन तापल्या दगडांवर पहिलं पाणी टाकते. त्या वाफेबरोबर कोंडलेला विषारी वायू बाहेर जावा लागतो, नाहीतर अंघोळीला गेलेलं माणूस बाकावरच आडवं होतं. म्हणून मागच्या भिंतीत एक भोक असतं आणि भोकावर सरकती फळी. तिला झडप म्हणतात. बाहेर उभं असलेलं कुणीतरी दोरी ओढून ती वर घेतं. आतली बाई खोकत ओरडते, "झडप वर!" शनिवारी संध्याकाळच्या आधी आमच्या तळ्याकाठी चारी दिशांनी हीच हाक ऐकू येते.

बंधाऱ्याच्या मधोमध जे जाड फळ्यांचं दार होतं, ज्यातून ओंडके आणि जास्तीचं पाणी जुन्या पात्रात सोडायचे, त्यालाही झडपच म्हणत. ती लोखंडी चाक फिरवून वर घ्यावी लागे. त्या चाकाचा मालक नव्हे, पण राखणदार तानेली होता.

तानेली होन्कालाचा. बायको लोविसा मात्र लेप्पालाची. पात्र कोरडं पडल्यावर दोन गावांत झालेलं हे एकच लग्न, आणि दोन्ही गावांनी त्याचा सूड उगवल्यासारखा तानेलीला छळला. लेप्पालाची पोरं त्याला पाणक्या म्हणत. होन्कालाची पोरंही पाणक्याच म्हणत; एवढ्या एका बाबतीत दोन्ही गावांचं एकमत होतं. तो लांबट, वाकलेला, कमी बोलणारा माणूस. वीजघरातल्या चक्राचा आवाज जरा बदलला तरी झोपेतून उठून बसायचा. त्याला कुणाशीच भांडायचं नव्हतं, आणि ज्याला कुणाशीच भांडायचं नसतं त्याला सगळेच भित्रा समजतात. त्याच्या हातात ते चाक नसतं तर मीही समजलो असतो.

मे महिन्यात त्यानं एकदा ते चाक वापरलं होतं. मारामारी फार चढली, तेव्हा बंधाऱ्यावर टांगलेला रुळाचा तुकडा हातोडीनं बडवून त्यानं सगळ्यांना सावध केलं आणि मग झडप थोडी वर घेतली. हेतू चांगला होता. पण होन्कालाचा काठ उतरता, गवताळ; माणसं दोन ढांगांत वर. लेप्पालाचा काठ सरळ उभा, गुळगुळीत खडकाचा. लेप्पालाची माणसं भिंतीला पाली चिकटाव्यात तशी त्या खडकाला चिकटली आणि पाण्याबरोबर आलेल्या एका ओंडक्यानं हेम्मिंक नावाच्या तरण्याताठ्या माणसाचा पाय गुडघ्याखाली चिरडला. त्या दिवसापासून लेप्पालात कुणी तानेलीला नुसतं पाणक्या म्हणेना. त्याच्या पुढे ते आणखी एक शब्द लावत, तो मी इथे लिहीत नाही.

आणि आता जुलैत प्रकरण घरापर्यंत आलं होतं. त्याचं कारण तानेलीचा धाकटा भाऊ सांतेरी. देखणा, तोंडाळ, कमरेला सुरा आणि डोक्यात हवा. आदल्या रविवारी धक्क्यावरच्या नाचात तो लोविसाच्या भावाला, ओस्कारीला, सगळ्यांदेखत म्हणाला, "तुमच्या गावची एक गाय आमच्या बंधाऱ्याला बांधलेली आहे. दूध बरं देते." ओस्कारी ओंडके वाहून नेणारा, बैलाच्या मानेचा माणूस. त्यानं वल्हं उचललं आणि सांतेरीच्या बरगडीत घातलं. सांतेरीनं पडता पडता सुरा ओढून त्याचा गाल कानापासून ओठापर्यंत उघडला. बायका किंचाळल्या, वाजवणारा बाजाची पेटी टाकून पळाला. ओस्कारी गाल हातानं दाबून धरत एवढंच बोलला, "शनिवारी."

त्या शनिवारी सकाळी लोविसा ओसरीवर बसून सौन्यात अंगावर झोडायच्या भूर्जाच्या डहाळ्यांच्या जुड्या बांधत होती. तानेली कामाला निघाला तशी मान वर न करता म्हणाली, "आज पाणी सोडायचं नाही."

"आज गोष्ट वेगळी आहे, लोविसा. ओस्कारी काय ठरवून येणार ते तुला माहीत आहे."

"माझ्या भावाचं मला सांगू नकोस. तुझ्या भावाचं थोबाड आधी शिवून घे."

"ते शिवलं असतं तर बरंच झालं असतं," तानेली म्हणाला. "पण म्हणून त्याला मरू द्यायचं? मी रूळ बडवीन, वेळ देईन, मगच..."

"मे महिन्यातही बडवलास." तिनं डहाळी करकचून आवळली. "पाणी कुणाच्या बाजूचं नसतं म्हणतोस ना? असतं. ते तुमच्या बाजूचं आहे. तुमची माणसं गवतावरून वर जातात आणि आमची खडकावर नखं घासतात. हेम्मिंकची आई अजून माझ्याशी बोलत नाही. तानेली, तू पाणी सोडलंस तर ती मारामारी राहत नाही. तो खून होतो."

"आणि ओस्कारीनं सांतेरीला मारलं तर तो काय होतो?"

लोविसा उठली. डोळे भरले होते तरी आवाज पक्का होता. "तर माणसानं माणसाला मारलं असं होईल. मी दोघांच्या नावानं रडेन. पण तू मारलेलं नसशील. मला तुझ्याबरोबर या घरात राहायचंय. शपथ घे. मी सांगेपर्यंत चाकाला हात लावणार नाहीस."

"तू सांगेपर्यंत?"

"मी सांगेपर्यंत."

त्यानं शपथ घेतली. तिच्या डोक्यावर हात ठेवून घेतली. तानेली खोटं बोलणारा माणूस नव्हता.

दुपारी गिरणीचा भोंगा झाला आणि थोड्या वेळात पात्र भरलं. पाण्यानं नव्हे, माणसांनी. खडकांवर कुंपणाचे दांडे, साखळ्या, मोज्यात घातलेले दगड वाजू लागले. आठवडाभर पाऊस झाला होता. तळं बंधाऱ्याच्या कडेपर्यंत चढलं होतं आणि झडपेमागे सुटे ओंडके दाटीवाटीनं उभे होते. तानेली बंधाऱ्यावरच्या फळीवर, चाकाजवळ. तिथून खालचं सगळं दिसायचं, ऐकू मात्र काही यायचं नाही, कारण त्याच्या पाठीशीच कालव्याचं पाणी गरजत वीजघराकडे जायचं. अगदी जवळून कुणी ओरडलं तरच समजायचं.

तसं एकजण ओरडलाच. लेप्पालाचा एक लालकेस्या बंधाऱ्याखाली येऊन मान वर करून म्हणाला, "काय पाणक्या, आज बायकोनं परवानगी दिली नाही वाटतं?"

होन्कालाच्या बाजूनं कुणीतरी लगेच भर घातली, "त्याला मुतायलासुद्धा विचारावं लागतं!"

दोन्ही गावं पोट धरून हसली आणि मग एकमेकांवर तुटून पडली.

मारामारी कशी होते ते ज्यानं पाहिलं नाही त्याला वाटतं की तिच्यात काही शौर्य असतं. काही नसतं. एकाच्या दातावर दांडा बसला तेव्हा त्यानं तोंडात बोट घालून दात चाचपला, काढला आणि खिशात ठेवला. दुसरा खडकावरून घसरून पडला तर तिघांनी त्याला लाथा घातल्या, तो हलायचा थांबला तेव्हा ते घाबरले, आणि तो पुन्हा कण्हला तेव्हा रागानं आणखी दोन घातल्या. लालकेस्याच्या कानावर साखळी बसली आणि तो गोल गोल फिरत राहिला. दगडांवर रक्त सांडायचं आणि त्याच्यावर पाय घसरून आणखी माणसं पडायची.

मधल्या सपाट खडकावर मात्र जागा मोकळी ठेवली होती. तिथे ओस्कारी आला. गालावर काळ्या दोऱ्याचे टाके, तोंड एका बाजूला सुजलेलं. हातात ओंडके ढकलायची लोखंडी टोकाची काठी. समोर सांतेरी सुरा घेऊन, हसत.

सांतेरी चपळ होता. पहिल्या झटक्यात काठी चुकवून त्यानं ओस्कारीच्या दंडावर एक चीर पाडली, दुसऱ्यात मांडीवर. होन्कालावाले ओरडले. ओस्कारीनं जखमांकडे पाहिलंसुद्धा नाही. त्यानं काठी आडवी फिरवली, ती सांतेरीच्या गुडघ्यावर बसली. सांतेरी एका पायावर वाकला. ओस्कारीनं काठी टाकून दिली आणि त्याचं सुऱ्याचं मनगट धरून खडकाच्या कडेवर आपटलं. एकदा, दुसऱ्यांदा. मनगट भलत्याच ठिकाणी वाकलेलं तानेलीला वरून दिसलं. मग ओस्कारी त्याच्या छातीवर बसला. मुठी खाली जात होत्या, वर येत होत्या. सांतेरीचं देखणं तोंड बघता बघता ओळखू येईनासं झालं.

तानेलीचे हात चाकावर होते. ते तिथे कधी गेले ते त्याला कळलं नाही. लहानपणी आई कामावर गेली की सांतेरीला पाठुंगळीला घेऊन फिरणारे हेच हात. 'मी सांगेपर्यंत,' तो मनाशी म्हणत होता. त्यानं मान वळवून काठावर बंधाऱ्याला लागूनच असलेल्या आपल्या सौन्याकडे पाहिलं. दार बंद होतं, फटींतून धूर येत होता, मागच्या बाजूला त्याची बहिरी आई काइसा दोरीपाशी उभी होती. लोविसा दिसत नव्हती. तिला हे दिसत नाही, तो म्हणाला. दिसलं असतं तर तिनं सांगितलं असतं.

त्यानं पुन्हा खाली पाहिलं. ओस्कारीनं पडलेला सुरा उचलला होता. सांतेरीचे केस मुठीत धरून, डोकं मागे वाकवून, त्यानं पातं त्याच्या कानाखाली टेकवलं.

आणि तेवढ्यात लोविसाचा आवाज आला. चिरका, घुसमटलेला, कालव्याच्या गर्जनेवरून आरपार आलेला.

"झडप वर!"

तानेलीनं चाक फिरवलं.

तो आवाज त्यानं जन्मभर शनिवारी ऐकला होता. आईच्या तोंडून ऐकला होता, लग्न झाल्यापासून लोविसाच्या तोंडून ऐकला होता. बहिरी सासू दोरीपाशी असते म्हणून ती नेहमी जिवाच्या आकांतानं ओरडते, हेही त्याला माहीत होतं. आमच्या तळ्याकाठचं शेंबडं पोरसुद्धा त्या वेळी त्या हाकेचा दुसरा अर्थ लावणार नाही. पण त्याला एकच शब्द ऐकायचा होता आणि तो त्याला ऐकू आला. रूळ बडवायचंही त्याच्या ध्यानात राहिलं नाही.

चाक त्यानं मे महिन्यासारखं थोडं फिरवलं नाही. अंगात होतं नव्हतं तेवढ्या जोरानं फिरवत नेलं. फळ्या करकरल्या, झडप वर गेली, आणि तळं खाली कोसळलं. आधी पाणी नव्हतंच. आधी ओंडके आले. झडपेतून ते डोकी पुढे करून सुटले, एकमेकांवर आपटत, उड्या घेत. त्यांच्यामागून तपकिरी पाण्याची भिंत.

खाली कुणीही पळत नव्हतं. तानेलीला हे दिसलं आणि कळेना. माणसं दांडे खाली टाकून उभी होती. काहीजण पाठमोरे होऊन आपापल्या काठाकडे चालले होते, अगदी सावकाश, काम संपवून घरी निघाल्यासारखे. एकजण टोपी शोधत होता. मग त्यांनी आवाज ऐकला.

होन्कालाची माणसं गवत उपटत वर गेली. लेप्पालाची खडकाकडे धावली. लालकेस्याला पाण्यानं उचलून खडकावर फेकलं, तो कसाबसा एका भेगेत अडकला. सपाट खडकावर ओस्कारी उभा होता, सांतेरीच्या अंगावर बसलेला नव्हता, उभा होता, आणि त्यानं खाली वाकून सांतेरीला काखेत धरलं आणि होन्कालाच्या काठाकडे ढकलून दिलं. तानेलीनं हे स्वतःच्या डोळ्यांनी पाहिलं. मग पहिला ओंडका ओस्कारीच्या पाठीत बसला आणि त्यानं त्याला समोरच्या खडकापर्यंत नेलं. तिथे दुसरा आला. खडक आणि ओंडका यांच्यामध्ये माणसाला जागा नव्हती.

झडप पाडायला तानेलीला फार वेळ लागला. हात ओले झाल्यासारखे चाकावरून सुटत होते.

सांतेरी काठावर गवतात पालथा पडला होता. तानेलीनं त्याला उलटं केलं. मनगट लोंबत होतं, एक डोळा मिटला होता, तोंडातून पाणी आणि रक्त येत होतं.

"सांतेरी! अरे, बोल काहीतरी."

"काय केलंस तू, दादा?" सांतेरी खोकत खोकत म्हणाला. "काय केलंस हे?"

"तो तुझा गळा कापत होता."

"नव्हता रे कापत. टेकवला होता नुसता. भ्यायलो मी, रडलो. तेवढ्यात सौन्याची हाक आली. तर त्यानं सुरा लांब फेकून दिला आणि उठला." सांतेरीला हुंदका आला. "मला म्हणाला, 'ऊठ कुत्र्या. माझ्या बहिणीनं तापवलाय सौना. जा, तोंड धुऊन घे.' म्हणाला, 'आणि तिची माफी माग.' हात पुढे केला होता त्यानं मला उठवायला."

तानेली गुडघ्यांवर तसाच राहिला. त्याच्या मागे कुणीतरी येऊन थांबलं होतं. लोविसा होती. कोपरापर्यंत काजळी, डोळे धुरानं लाल, हातात अजून पाण्याचा लाकडी डाव. तिनं सगळं ऐकलं होतं.

"शपथ घेतली होतीस," ती म्हणाली.

"तू ओरडलीस."

"मी आईंना ओरडले."

"मला वाटलं..."

"काय वाटलं तुला? मी तुला सांगेन? माझा भाऊ खाली असताना?"

खरं उत्तर असं होतं की वाटलं नव्हतं, हवं होतं. तिच्या तोंडून ते यावं अशी त्याची इच्छा होती, म्हणजे ते त्याचं राहिलं नसतं. माणूस स्वतःच्या पापाला दुसऱ्याचा आवाज किती चटकन लावतो!

लेप्पालाची माणसं पात्र ओलांडून आली. तासाभरापूर्वी दात पाडत होती ती, आता कुणाच्याही हातात दांडा नव्हता. दोन काठ्यांवर कोट पसरून त्यांनी ओस्कारीला आणलं होतं. छाती बसून गेली होती. गालावरचे काळे टाके मात्र जसेच्या तसे होते. त्यांनी त्याला सौन्यासमोरच्या गवतावर ठेवलं. मागून, खडकात अडकून राहिलेली ओस्कारीची लोखंडी टोकाची काठी टेकत त्याचा बाप आला, म्हातारा तावेत्ती. लोविसाचाही बाप. या काठावर तो मुलीच्या लग्नालासुद्धा आला नव्हता.

लोविसा भावाजवळ बसली. तिनं त्याचं डोकं मांडीवर घेतलं आणि पदराच्या जागी जो काजळलेला एप्रन होता त्यानं त्याचं तोंड पुसू लागली. ते पुसलं न जाता काळंच होत होतं.

"लोविसा," तावेत्ती म्हणाला, "वर बघ माझ्याकडे."

तिनं वर पाहिलं.

"आवाज तुझा होता. 'झडप वर' म्हणालीस. खाली सगळ्यांनी ऐकला. आमच्या लोकांना वाटलं सौन्याची हाक आहे. म्हणून त्यांनी हात थांबवले, पाठ फिरवली. आणि वरून पाणी आलं."

"बाबा, ती सौन्याचीच..."

"मे महिन्यात निदान रूळ तरी बडवला होता," लालकेस्या म्हणाला. त्याच्या कपाळावरून रक्त डोळ्यात उतरत होतं. "आज तो नाही बडवला. हाक दिलीत. म्हणजे नवरा-बायकोनं ठरवलेलं होतं. तिची हाक आणि याचं चाक."

"शरम नाही वाटली?" दुसरा कुणीतरी ओरडला. "सख्खा भाऊ होता!"

सगळं लेप्पाला तिच्याकडे बघत होतं, आणि ती नजर तानेलीनं ओळखली. आता ती फिरणार नव्हती. हेम्मिंकच्या आईनं नुसता अबोला धरला होता. हे लोक तिला त्यांच्या चर्चच्या बाकावर बसू देणार नव्हते, भावाच्या कबरीपाशी उभी राहू देणार नव्हते.

आणि गवतात पडलेला सांतेरी, ज्याला गप्प राहणं आयुष्यात कधी जमलं नाही, तो कोपरावर उठला. भावाला वाचवायची त्याची तेवढीच अक्कल. "हो!" तो म्हणाला. "तिनंच सांगितलं! माझ्या भावानं शपथ घेतली होती, ती सांगेपर्यंत पाणी सोडायचं नाही म्हणून. सकाळी घेतली होती, मला यानंच सांगितलंय! तिनं सांगितलं, यानं सोडलं. याचा काय दोष?"

त्यात एकही शब्द खोटा नव्हता. हेच भयंकर होतं. तानेलीनं फक्त मान हलवायची होती. होन्कालाची माणसं आता मागे जमली होती, ती त्याच्या बाजूनं उभी राहिली असती. मालकानंही त्याला कामावर ठेवला असता. बायकोच्या तोंडून हुकूम आला, नवऱ्यानं पाळला, यापेक्षा जास्त कुणी विचारलं नसतं.

तावेत्तीनं मान वळवली. "खरं आहे का हे?"

लोविसा तानेलीकडे बघत होती. तिला त्याच्याकडून काही मागायचंच नव्हतं.

"नाही," तानेली म्हणाला.

"दादा!"

"गप बस तू." तानेली उठून उभा राहिला. "ती तिथे आत होती, दगडांवर पाणी टाकत होती. तिनं आईला हाक मारली, दर शनिवारी मारते तशी. मला माहीत होतं ती सौन्याची हाक आहे. मी माझ्या मनानं झडप वर घेतली. मला ओस्कारीला मारायचं होतं."

यातलं शेवटचं वाक्य खरं होतं की नाही ते त्यालाही माहीत नव्हतं. पण ते बोलल्याशिवाय कुणी विश्वास ठेवला नसता, आणि बोलल्यावर त्याला वाटलं की असेलही खरं.

होन्कालाची माणसं एकेक पाऊल मागे सरकली. असं सरळ बोललेल्या माणसासाठी कुणी डोकं फोडून घेत नाही. लेप्पालाच्या लोकांनी त्याला धरलं तेव्हा तो हलला नाही. लालकेस्यानं पहिली लाथ पोटात घातली. मग बाकीच्यांनी. पडला की उठवत होते. कुणीतरी त्याच्या तोंडात माती कोंबली. त्याची आई काइसा दोरी सोडून धावत आली, तिला काय चाललंय ते कळत नव्हतं, ती एकसारखी विचारत होती, "सौना निवतोय, कुणीच का येत नाही?" कुणीतरी तिला खांद्याला धरून बाजूला नेलं.

"पुरे," तावेत्ती म्हणाला. "धरा त्याला. हात."

सौन्याच्या पायरीचा दगड होता. त्यांनी तानेलीला गुडघ्यावर बसवलं आणि उजवा हात दगडावर दाबून धरला. म्हाताऱ्यानं मुलाची काठी दोन्ही हातांनी उचलली. लोखंडी टोक बोटांवर आलं. पहिल्या घावाला तानेली ओरडला. दुसऱ्याला ओरडायला श्वासच उरला नाही. पुढच्या घावांनंतर त्या हाताला हात म्हणण्यासारखं काही राहिलं नाही.

म्हातारा धापा टाकत थांबला. काठी खाली आली. त्याचे खांदे हलत होते, आणि तो रडतोय हे लोकांना तेव्हा कळलं. त्यानं काठी टाकून द्यायला मूठ सैल केली.

लोविसा अजून भावाचं तोंड पुसत होती. इतका वेळ तिनं एकदाही 'थांबा' म्हटलं नव्हतं. आताही तिनं मान वर केली नाही.

"चाक दोन हातांनी फिरतं, बाबा," ती म्हणाली.

तानेलीला धरणाऱ्यांची पकड ढिली पडली होती. त्याला आता कुणीच दाबून धरलं नव्हतं. त्यानं डावा हात आपणहून दगडावर ठेवला.